तख्तीवरचे अक्षर आणि खार्टूमचे चित्रकार

आफ्रिकेची कला म्हटली की आपल्या डोळ्यांपुढे लाकडी मुखवटे आणि मूर्ती उभ्या राहतात. पॅरिसमध्ये १९०७ च्या सुमारास पिकासोने असे मुखवटे पाहिले आणि युरोपच्या चित्रकलेला निराळे वळण लागले, हेही अनेकांनी वाचलेले असते. परंतु युरोपच्या संग्रहालयांत त्या मुखवट्याखाली जमातीचे नाव लिहिलेले असे. ज्याच्या हातांनी तो कोरला गेला त्याचे नाव बहुधा कोठेच नसे. विसाव्या शतकाच्या मध्यास आफ्रिकेतील देश एकामागून एक स्वतंत्र होऊ लागले, तेव्हा तेथील कलावंतांपुढे दोन कामे होती. स्वतःच्या नावाने जगापुढे उभे राहणे हे एक आणि आपल्याच लोकांना आपलीशी वाटेल अशी चित्रभाषा शोधणे हे दुसरे. यांपैकी दुसरे काम अधिक अवघड होते. सुदान देशात ते कसे झाले, हा इतिहास शिक्षणाशी संबंध असणाऱ्या प्रत्येकाने जाणून घेण्यासारखा आहे. कारण त्याचा आरंभ एका लहानशा मक्तबात होतो.

निळी आणि पांढरी नाईल जेथे एकमेकींना मिळतात तेथे सुदानची राजधानी खार्टूम वसली आहे आणि नदीच्या पलीकडे ओमदुरमान हे जुने शहर आहे. येथे ५ सप्टेंबर १९३० रोजी इब्राहिम अल् सलाही यांचा जन्म झाला. देशावर तेव्हा ब्रिटिश व इजिप्शियन अशा संयुक्त नावाची, पण प्रत्यक्षात ब्रिटिशांची सत्ता होती. वडील मुलांना कुरआन शिकवीत. अशा शाळेला सुदानमध्ये ‘खल्वा’ म्हणतात. तेथील विद्यार्थ्याची पाटी म्हणजे लाकडी तख्ती, लेखणी बोरूची आणि शाई काजळी व डिंकाची. धडा पाठ झाला की तख्ती धुवायची आणि पुढचा धडा लिहायचा. ठरावीक भाग पुरा झाला की त्या तख्तीवर वेलबुट्टी व रेषांची नक्षी काढून आनंद साजरा करीत. या नक्षीला ‘शरफा’ असे नाव आहे. सलाहींचा हात लिहिण्याला वळला तो येथे. अक्षर गिरवणे आणि चित्र काढणे यांत त्या वयात फारसा भेद नव्हता.

पुढे १९४९ मध्ये ते खार्टूमच्या गॉर्डन मेमोरियल कॉलेजच्या कलाविभागात दाखल झाले. शिक्षक ब्रिटिश होते आणि अभ्यासक्रमही त्यांच्याच पठडीतला होता. १९५४ मध्ये शिष्यवृत्ती मिळून सलाही लंडनच्या प्रसिद्ध स्लेड कलाशाळेत गेले आणि १९५७ पर्यंत तेथे शिकले. शरीररचना, छायाप्रकाश, तैलरंग, सारे त्यांनी मन लावून आत्मसात केले. दरम्यान १ जानेवारी १९५६ रोजी सुदान स्वतंत्र झाला होता. नव्या राष्ट्रात कला शिकवण्याच्या उमेदीने ते मायदेशी परतले आणि खार्टूमच्या कलाशाळेत अध्यापक झाले.

लवकरच त्यांनी खार्टूमच्या ग्रँड हॉटेलात आपल्या चित्रांचे प्रदर्शन भरवले. व्यक्तिचित्रे होती, स्थिरचित्रे होती, मानवाकृती होत्या. उद्घाटनाला पाहुणे आले, थंड पेये घेऊन गेले आणि नंतर कोणी फिरकलेच नाही. हा प्रसंग सलाहींनी पुढे अनेकदा सांगितला आहे. एखाद्याने लोकांना अडाणी ठरवून समाधान मानले असते. सलाहींनी तसे केले नाही. आपल्या लोकांना आपले काम आपलेसे का वाटत नाही, हा प्रश्न त्यांनी स्वतःलाच विचारला. सुमारे दोन वर्षे त्यांचे काम अडून राहिले. या काळात ते देशात हिंडले आणि लोक आपल्या घरात काय जपतात, कशाने घर सजवतात, ते पाहू लागले. टोपल्यांची वीण, नमाजाच्या चटया, उंटाच्या खोगिरांवरील नक्षी आणि घरात लावलेले सुंदर अक्षरांतील लेखन, हे सारे त्यांनी लहानपणीही पाहिले होते. पण कलाशाळेत त्याला कोणी कला म्हटले नव्हते.

मग त्यांनी चित्राच्या कोपऱ्यात लहान लहान अरबी अक्षरे लिहायला सुरुवात केली, पाकिटावर टपालाचे तिकीट लावावे तशी. लोक चित्राजवळ येऊ लागले. तेव्हा अक्षरे कोपरा सोडून साऱ्या चित्रभर पसरली. पुढे त्यांनी अक्षरांचा अर्थ बाजूस ठेवला, अक्षराची हाडेच मोकळी केली आणि त्यांच्या मधल्या रिकाम्या जागेकडे लक्ष दिले. त्या जागेतून माणसांचे, पशूंचे व झाडांचे आकार प्रकट होऊ लागले. रंगही पालटले, काळा, पांढरा, मातकट आणि विटकरी असे त्या भूमीचेच रंग आले. १९६१ ते १९६५ या काळात रंगवलेले ‘बालपणीच्या स्वप्नांचे पुनर्जात ध्वनी’ या अर्थाचे नाव असलेले त्यांचे चित्र अडीच मीटरांहून थोडे अधिक लांब-रुंद आहे. त्यातील उंच, मुखवट्यासारख्या चेहऱ्यांच्या आकृतींत अरबी अक्षराचे वळण आणि आफ्रिकेची मूर्तिकला एकत्र नांदतात. हे चित्र आज लंडनच्या टेट संग्रहात आहे.

सलाही एकटे नव्हते. उस्मान वकीअल्लाह यांनी लंडन व कैरो येथे शिक्षण घेऊन १९५४ मध्ये खार्टूममध्ये स्वतःची कार्यशाळा उघडली आणि सुलेखनाला आधुनिक चित्रात स्थान मिळवून दिले. अहमद शिब्रेन यांनीही लंडनहून परतल्यावर अक्षरालाच चित्राचा विषय केले. त्या काळी खार्टूममध्ये शिकवणारे गयानाचे चित्रकार व लेखक डेनिस विल्यम्स यांनी या मंडळींना ‘खार्टूम संप्रदाय’ हे नाव दिले. नायजेरियातील इबादान येथे १९६१ मध्ये म्बारी नावाचे लेखक-कलावंतांचे मंडळ सुरू झाले होते. तेथे सलाहींची चित्रे मांडली गेली आणि आफ्रिकेच्या इतर भागांतील कलावंतांशी त्यांचा परिचय झाला.

प्रत्येक संप्रदायाला शंका विचारणारे शिष्य लाभावे लागतात, नाहीतर त्याची रूढी होते. येथे ते काम एका स्त्रीने केले. खार्टूमच्या कलामहाविद्यालयातून पदवी घेणाऱ्या पहिल्या काही स्त्रियांपैकी कमला इब्राहिम इशाक या एक. १९६३ मध्ये त्या पदवीधर झाल्या आणि पुढे लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्ये शिकल्या. सुदानी स्त्रियांच्या ‘झार’ नावाच्या विधीचा त्यांनी अभ्यास केला. बंद खोलीत जमलेल्या, अंगात आल्यावर एरवी न बोलता येणारे बोलून टाकणाऱ्या स्त्रिया त्यांच्या चित्रांत आल्या. वारसा, वारसा म्हणून आपण जे रंगवतो त्यात या स्त्रियांचे जगणे कोठे आहे, असा प्रश्न त्या चित्रांतून उभा राहत होता. १९७६ मध्ये त्यांनी व त्यांच्या काही सहकाऱ्यांनी ‘स्फटिकवादी’ या नावाने जाहीरनामा काढला आणि विश्व हे पारदर्शक, अनंत स्फटिकासारखे आहे अशी भूमिका मांडून केवळ वारशावर उभ्या असलेल्या कलेला आव्हान दिले. कमला इशाक यांनी त्याच खार्टूमच्या महाविद्यालयात पुढे अध्यापनही केले.

सलाहींच्या आयुष्यात मात्र वेगळीच परीक्षा आली. नुमेरी यांच्या राजवटीत ते संस्कृती खात्यात वरिष्ठ अधिकारी होते. सप्टेंबर १९७५ मध्ये एक उठाव फसला आणि त्याच्याशी संबंध असल्याच्या संशयावरून त्यांना पकडण्यात आले. कोणताही खटला न चालवता त्यांना सहा महिन्यांहून अधिक काळ खार्टूमच्या कोबर तुरुंगात ठेवले. कैद्याजवळ कागद किंवा पेन्सिल सापडली तर एकांतकोठडीची शिक्षा होती. सलाही कागदाच्या बारीक तुकड्यांवर चोरून रेखाटने करीत आणि वाळूत पुरून ठेवीत. सुटकेनंतर १९७६ मध्ये त्या दिवसांच्या आठवणी त्यांनी चित्रे व लेखन यांनी भरलेल्या एका वहीत उतरवल्या. ती वही न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात आहे. १९७७ मध्ये त्यांनी देश सोडला. अनेक वर्षे कतारमध्ये आणि पुढे ऑक्सफर्ड येथे त्यांचे वास्तव्य झाले.

तुरुंगाने त्यांना एक रीत शिकवली. लहान तुकड्यापासून आरंभ करायचा आणि बीजातून झाड वाढावे तसे एकाला एक तुकडा जोडीत जायचे. ‘अटळ’ या अर्थाच्या नावाचे त्यांचे काळ्या शाईतले प्रचंड चित्र याच रीतीने १९८४-८५ मध्ये नऊ फलकांवर तयार झाले. एप्रिल १९८५ मध्ये लोकउठावात नुमेरींची सत्ता गेली. २०१३ मध्ये लंडनच्या टेट मॉडर्न या संग्रहालयात सलाहींच्या साऱ्या कारकिर्दीचे प्रदर्शन भरले. उतारवयात ते पुन्हा पुन्हा हराझ नावाचे झाड काढीत. नाईलकाठचे हे झाड पावसाळ्यात पाने गाळते आणि कोरड्या दिवसांत, सारे सुकलेले असताना, हिरवे होते.

१५ एप्रिल २०२३ रोजी खार्टूममध्ये लष्कर आणि निमलष्करी दल यांच्यात युद्ध पेटले. राष्ट्रीय संग्रहालय लुटले गेले, चित्रकारांना आपली कामे मागे टाकून शहर सोडावे लागले. सत्तर वर्षांत उभे राहिलेले किती मोडले याचा हिशेब सोपा नाही. परंतु ज्या विद्येवर हा संप्रदाय उभा राहिला ती भिंतींवर टांगलेली नव्हती, हातात होती. आणि धुतलेल्या तख्तीवर पुन्हा लिहायचे असते हे तर तेथील मुलाला पहिल्याच वर्षी शिकवतात.

या इतिहासातून परदेशी शिक्षण निरुपयोगी ठरत नाही. स्लेडमधील तीन वर्षांखेरीज सलाहींचा हात तयार झाला नसता. पण त्या हाताला काय सांगायचे आहे, हे त्यांना खल्व्यातील तख्तीकडे वळून पाहिल्यावर उमगले आणि तेव्हाच रिकाम्या प्रदर्शनात माणसे आली. आपल्याकडे परीक्षा जवळ आली की चित्रकलेचा तास प्रथम गणिताला दिला जातो आणि सुंदर अक्षर म्हणजे फार तर दोन-चार जादा गुण, एवढीच आपली समजूत असते. तो तास कोणाच्या हातून काढून घेत आहोत, याचा विचार संस्थाचालकांनी, शिक्षकांनी व पालकांनी अवश्य करावा.