शब्दाचा त्याग : ‘टू’ (१९६४)

सत्यजित राय यांचा ‘टू’ हा लघुपट मूकपटाला वाहिलेली आदरांजली मानला जातो. परंतु हे साम्य जपून घ्यावयास हवे. ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये (१९१३) ध्वनी नव्हता, भाषा मात्र होती, हिंदी व इंग्रजी पाट्यांच्या रूपाने. ‘टू’मध्ये ध्वनी आहे, भाषा नाही. एस्सो कंपनीच्या दूरचित्रवाणी-मालेसाठी इंग्रजी लघुपट मागण्यात आला, तेव्हा बंगाली मुलांच्या तोंडी इंग्रजी घालण्याऐवजी राय यांनी संवादच वर्ज्य केले. (अडचणीतूनच ही वाट निघाली.) धनिकपुत्र आणि झोपडीतला मुलगा यांचा कलह बासरी, खेळण्यातील तुतारी, ढोलके यांतून चालतो. पतंगावर छऱ्याची बंदूक झाडली जाते. कलह मिटला असे वाटते. मग यांत्रिक खेळण्यांच्या गोंगाटात बासरी पुन्हा ऐकू येते. धनिकपुत्राजवळ तिला उत्तर उरलेले नाही.