पॅट्रिक सार्सफील्ड : शब्द पाळणारा सेनानी

आयर्लंडच्या इतिहासात पराभूत होऊनही लोकादरास पात्र ठरलेल्या सेनानींमध्ये पॅट्रिक सार्सफील्डचे (सुमारे १६५५-१६९३) नाव अग्रक्रमाने घेतले जाते. डब्लिनजवळील ल्युकन येथील जमीनदार कॅथलिक घराण्यात तो जन्मला. १६४१च्या आयरिश उठावाचा एक सूत्रधार रोरी ओ'मूर हा त्याच्या आईचा पिता. १६७०च्या दशकात फ्रान्सच्या सेवेत त्याने युद्धाचे धडे गिरवले. १६८५मध्ये सेजमूरच्या लढाईत तो राजा दुसरा जेम्स याच्या बाजूने लढला आणि जखमी झाला.

१६८८च्या राज्यक्रांतीत कॅथलिक जेम्सला इंग्लंडची गादी सोडावी लागली आणि त्याचा प्रोटेस्टंट जावई विल्यम सत्तेवर आला. पुढील वर्षी जेम्स फ्रेंचांच्या मदतीने आयर्लंडमध्ये उतरला, तेव्हा सार्सफील्ड त्याच्यासोबत होता. त्याच वर्षी डब्लिनमध्ये भरलेल्या संसदेत तो डब्लिन परगण्याचा प्रतिनिधी म्हणून बसला. कॅथलिकांचे बहुमत असलेल्या या संसदेने आयर्लंडसाठी कायदे करण्याचा इंग्लिश संसदेचा अधिकार नाकारला.

बॅलिनीटीचा छापा

जुलै १६९०मध्ये बॉइन नदीकाठी पराभव होताच जेम्सने फ्रान्सला पलायन केले. विल्यमने लिमरिक शहराला वेढा घातला. शहराचा बचाव अशक्य असल्याचे फ्रेंच सेनापती लोझन याचे मत होते, आणि आपले सैन्य घेऊन तो निघून गेला. सार्सफील्ड मात्र ठाम राहिला. ऑगस्टमध्ये पाच-सहाशे घोडेस्वारांसह त्याने रात्री शॅनन नदी ओलांडली, डोंगरवाटांनी शत्रूच्या पिछाडीस गाठले आणि बॅलिनीटी येथे विल्यमच्या अवजड तोफा व दारूगोळा उडवून दिला. त्या रात्री शत्रूच्या छावणीचा परवलीचा शब्द 'सार्सफील्ड' हाच होता, अशी आख्यायिका आहे. या छाप्याने शहराला वेळ मिळाला. शेवटचा हल्लाही फसल्यावर विल्यमला वेढा उठवावा लागला. जेम्सने १६९१मध्ये सार्सफील्डला 'अर्ल ऑफ ल्युकन' हा किताब दिला.

करार आणि त्याची किंमत

जुलै १६९१मध्ये ऑग्रिमच्या रणांगणावर फ्रेंच सेनापती सेंट रूथ ठार झाला आणि आयरिश सैन्याची धूळधाण उडाली. लिमरिकला पुन्हा वेढा पडला. आजवर तडजोडीस विरोध करणाऱ्या सार्सफील्डनेच आता वाटाघाटी केल्या. ३ ऑक्टोबर १६९१ रोजी लिमरिकचा करार झाला. इच्छुक सैनिकांना फ्रान्सला जाण्याची मुभा आणि कॅथलिकांना दुसऱ्या चार्ल्सच्या काळात होते तेवढे धर्मस्वातंत्र्य, ही त्यातील प्रमुख कलमे. करारानंतर थोड्याच दिवसांत फ्रेंच आरमार शॅननच्या मुखाशी येऊन पोहोचले. सार्सफील्डने मात्र दिलेला शब्द फिरवला नाही.

बारा हजारांहून अधिक सैनिक देश सोडून गेले. कॉर्क बंदरात जहाजांत जागा न मिळालेल्या अनेक बायकामुलांना किनाऱ्यावरच राहावे लागले. परदेशी सैन्यांत दाखल झालेल्या अशा आयरिश सैनिकांना पुढे 'रानहंस' हे नाव पडले.

कराराची शोकांतिका येथेच होती. शस्त्रे चालवू शकणारे हात देशाबाहेर गेले आणि करार पाळला जातो की नाही, हे पाहण्यास कोणी उरले नाही. १६९५मध्ये कॅथलिकांना शस्त्रे बाळगण्यास बंदी झाली. १६९७मध्ये डब्लिनच्या संसदेने कराराला काटछाट करूनच मान्यता दिली. कॅथलिकांना संसदेत बसण्याचा हक्क मिळण्यास १८२९ साल उजाडावे लागले.

हा विश्वासघात सार्सफील्डला पाहावा लागला नाही. जुलै १६९३मध्ये आजच्या बेल्जियममधील लँडेनच्या लढाईत फ्रान्ससाठी लढताना तो घायाळ झाला आणि काही दिवसांनी ह्यूई येथे मरण पावला. हे रक्त आयर्लंडसाठी सांडले असते तर, अशी खंत त्याने अखेरच्या क्षणी व्यक्त केल्याचे परंपरा सांगते. लिमरिकमध्ये १८८१मध्ये त्याचा पुतळा उभारण्यात आला. ज्या शिळेवर करारावर सह्या झाल्या असे मानले जाते, ती शिळाही याच शहरात शॅननकाठी जतन केलेली आहे.