माझारा : सिसिलीच्या एका बंदरातून पायी

युरोपातील मुसलमानांच्या इतिहासाचा विषय निघाला की आपल्याकडे बोलणे अंदलूसपासून सुरू होते आणि अंदलूसवरच संपते. कुर्तुब्याची मशीद आणि गरनात्याचा अलहमरा आपल्याला तोंडपाठ आहेत. सिसिलीचे नाव मात्र क्वचितच निघते. या बेटाला अरब सिकिलिया म्हणत. तिथे मुसलमानांची सत्ता सुमारे अडीचशे वर्षे होती आणि वस्ती त्याहूनही जास्त काळ टिकली. उर्दू वाचणाऱ्या आपल्या मागच्या पिढीला हे बेट ठाऊक होते ते अल्लामा इक्बालांच्या 'सिकिलिया' या नज्मेमुळे. 1908 मध्ये युरोपातून परतताना जहाजावरून बेट पाहून त्यांनी ती लिहिली. ते एक शोकगीत आहे. पण जहाजावरून जे दिसते आणि गल्लीबोळांतून पायी चालताना जे दिसते, त्यांत बराच फरक असतो.

सिसिलीच्या नैर्ऋत्य किनाऱ्यावर माझारा देल व्हालो नावाचे मासेमारीचे गाव आहे. ट्युनिसियाचा किनारा इथून दीडशे किलोमीटरच्या आसपास. गाईडच्या सोबतीने पायी हिंडावे असे जुने गाव अर्ध्या दिवसात पाहून होते. आम्ही तसेच पाहिले. आमच्या गाईडबाई स्थानिक होत्या, हसतमुख होत्या, गावावर त्यांचा जीव होता. समुद्राकाठच्या बागेत उभे राहून त्यांनी सुरुवात केली, "827 साली अरब इथे उतरले, 1072 साली नॉर्मन आले." दोन वाक्यांत दोनशे पंचेचाळीस वर्षे संपली. त्यात त्यांचा दोष नाही. गावात उभ्या असलेल्या दगडांची हकीगत सांगणे हे त्यांचे काम, आणि त्या दोनशे पंचेचाळीस वर्षांचे दगड जवळजवळ उरलेले नाहीत. म्हणूनच त्या काळाबद्दल इथे थोडे विस्ताराने लिहिणे आम्हाला गरजेचे वाटते.

त्या वेळी सिसिली बायझंटाइन रोमन साम्राज्यात होती. तिथला एक आरमारी सरदार युफेमियस याने बंड केले, ते फसत चालले तेव्हा त्याने समुद्रापलीकडे कैरवानच्या अगलबी अमिराकडे, जियादतुल्लाहकडे मदत मागितली. अमिराने लगेच होकार दिला नाही. बायझंटाइनांशी त्याचा तह होता. तो मोडणे शरीयतीत बसते का, हा प्रश्न कैरवानच्या दोन काझींपुढे ठेवला गेला. काझी अबू मुहरिज यांचे मत थांबावे, खात्री करून घ्यावी असे पडले. दुसरे काझी असद इब्न अल-फुरात यांचे म्हणणे असे की, मुसलमान कैदी परत न करून समोरच्यांनीच तहाचा भंग केला आहे. असद यांचे मत मान्य झाले आणि मोहिमेचे नेतृत्वही त्यांच्याकडेच आले. वय सत्तरीच्या घरात. मदिनेत इमाम मालिक (रह.) यांच्याकडे आणि इराकात इमाम अबू हनीफा (रह.) यांचे शागीर्द इमाम मुहम्मद (रह.) यांच्याकडे शिकलेले हे आलिम. निघताना लष्करापुढे बोलताना त्यांनी सांगितले की, आपल्या बापजाद्यांत कोणी सेनापती नव्हते, आपण इथवर आलो ते कलमाच्या जोरावर, तेव्हा तुम्हीही इल्म मिळवा.

सुमारे 10 हजार पायदळ आणि 700 घोडेस्वार घेऊन हा ताफा 827 च्या जूनमध्ये, म्हणजे 212 हिजरीत, सूसहून निघाला आणि माझाऱ्याला लागला. पुढच्याच वर्षी सिराक्यूजच्या वेढ्यात छावणीत साथ पसरली आणि काझी असद तिथेच वारले. पालेर्मो 831 मध्ये हाती आले, सिराक्यूज 878 मध्ये, ताओर्मिना 902 मध्ये. बेट पूर्ण ताब्यात यायला जवळपास दीडशे वर्षे लागली.

इथे एक गोष्ट स्पष्ट लिहिली पाहिजे. ही स्वारी होती. सिराक्यूज पडले तेव्हा शहरात मोठी कत्तल झाली, जे वाचले त्यांना कैद करून नेले गेले. आपल्या लोकांनी केलेली स्वारी म्हणजे 'फतह' आणि दुसऱ्यांनी केलेली म्हणजे 'जुलूम', असा हिशेब आपण ठेवला तर इतिहासाबद्दल तक्रार करण्याचा आपला हक्क संपतो.

तरीही स्वारीची हकीगत म्हणजे त्या अडीचशे वर्षांची हकीगत नव्हे. लष्करामागून शेतकरी, कारागीर, विहिरी खणणारे आले. त्यांनी पाटबंधारे केले, लिंबू, नारिंग, ऊस लावले. सिसिलीचा शेतकरी आजही बागेतल्या हौदाला 'जेब्बिया' म्हणतो, तो अरबी 'जाबिया'. लिंबा-नारिंगाच्या फुलांना तो 'झागरा' म्हणतो, तो अरबी 'जहर', म्हणजे फूल. मिसिल्मेरी नावाचे गाव म्हणजे 'मंजिल अल-अमीर', हे मराठी वाचकाला समजावून सांगायला नको. आपल्यासाठी तर यात आणखी एक गंमत आहे. इटालियन 'अरांचा' अरबी 'नारंज'मधून आला आणि 'झुक्केरो' अरबी 'सुक्कर'मधून. पण हे दोन्ही शब्द अरबांनी फारसीमार्फत घेतले ते मूळ भारतातून, 'नारंग' आणि 'शर्करा' यांच्यापासून. म्हणजे आपल्याच अंगणातले शब्द बगदाद, कैरवान करत त्या बागांत पोचले.

आमची पायपीट सुरू झाली ती नॉर्मन किल्ल्याच्या उरलेल्या एका कमानीपासून. नॉर्मन सरदार रॉजरने गाव घेतल्यावर 1073 मध्ये हा किल्ला बांधला. एकोणिसाव्या शतकात तो पाडला गेला, एवढी कमान राहिली. तिथून काही पावलांवर कथीड्रल आहे. मशिदीच्या जागी ते उभे राहिले असे सांगतात. त्याच्या दारावर 1584 चे एक शिल्प आहे. घोड्यावर रॉजर, आणि घोड्याच्या टापांखाली पडलेला एक मुसलमान. बाईंनी ते दाखवले आणि आमच्याकडे पाहून क्षणभर अडखळल्या. आम्हीही काही बोललो नाही.

या शिल्पात एक ऐतिहासिक घोटाळा आहे. घटना 1072 ची, शिल्प 1584 चे. मध्ये पाचशे बारा वर्षांचे अंतर. सोळावे शतक हे तुर्की आरमाराच्या धास्तीचे शतक होते. त्या शतकाला जसा रॉजर हवा होता तसा त्याने घडवला. प्रत्यक्षातल्या रॉजरच्या फौजेत मुसलमान सैनिक होते. त्याचा मुलगा, राजा दुसरा रॉजर, याचा राजवस्त्राचा झगा पालेर्मोत 528 हिजरीत तयार झाला. त्याच्या काठावर हे साल अरबीत भरतकामाने भरलेले आहे. तो झगा आज व्हिएन्नात आहे. याच राजाच्या दरबारात अल-इद्रीसी या भूगोलवेत्त्याने 1154 मध्ये आपला मोठा ग्रंथ पुरा केला. त्यात माझाऱ्याची तोंडभर तारीफ आहे, आणि त्याच ग्रंथात ठाणे, सोपारा आणि सैमूर म्हणजे आपले चौल यांच्याही नोंदी आहेत. कोकणच्या बंदरांची माहिती एका ख्रिस्ती राजाच्या आश्रयाने, एका मुसलमान आलिमाने, सिसिलीत बसून अरबीत लिहिली. टापांखालच्या माणसाच्या शिल्पात ही गोष्ट मावत नाही.

अर्थात हा दरबारी सलोखा म्हणजे सारे काही नव्हते. 1184 च्या अखेरीस हजहून परतणारा अंदलूसी प्रवासी इब्न जुबैर याचे जहाज मेसिनाजवळ फुटले आणि तो काही महिने या बेटावर होता. दरबारातले मुसलमान अधिकारी, पालेर्मोच्या मशिदी यांचे तो कौतुक करतो. पण माझाऱ्याच्या उत्तरेला असलेल्या त्रापानी बंदरातली एक हकीगतही तो लिहून ठेवतो. एका प्रतिष्ठित मुसलमानाने आपली कोवळी मुलगी एका हाजीला देऊ केली. स्वतः निकाह करा किंवा तुमच्या मुलखात कोणाशी लावून द्या, पण हिला इथून न्या, असे त्याचे म्हणणे होते. बापाला पुढचे दिवस दिसत होते. पाच वर्षांतच पालेर्मोत मुसलमानांवर हल्ले झाले, लोक डोंगरात पळाले. पुढे सम्राट दुसरा फ्रेडरिक याने बंडे मोडून, 1220 नंतरच्या काळात हजारोंना मुळासकट उचलले आणि इटलीच्या मुख्य भूमीवर लुचेरा या गावी नेऊन वसवले. तिथेही ते जगले, शेती केली, सम्राटाच्या फौजेत लढले. सन 1300 मध्ये आंजूचा राजा दुसरा चार्ल्स याने लुचेराची ती वसाहत मोडली आणि माणसे गुलाम म्हणून विकली. सिकिलियाच्या मुसलमानांचा इतिहास तिथे संपतो.

कथीड्रलपासून जवळच एका जुन्या चर्चमध्ये 'नाचणारा सॅटर' हा प्राचीन ग्रीक कांस्यपुतळा ठेवला आहे. 1998 मध्ये गावच्या एका मासेमारी नौकेच्या जाळ्यात तो समुद्रात 480 मीटर खोलीवरून वर आला, आणि रोममध्ये दुरुस्त होऊन 2003 मध्ये गावी परतला. बाई त्याच्याविषयी मनापासून बोलल्या. मागे फेकलेले डोके, उडणारे केस, हात नाहीत आणि एकच पाय, तरी नाच थांबलेला नाही.

मग आम्ही कसबा मोहल्ल्यात शिरलो. नाव अरबी, रचनाही तीच. अरुंद बोळ अचानक वळतो, एका चौकात उघडतो आणि तिथेच बंद होतो. भिंतींवर अलीकडे बसवलेल्या रंगीत फरशा आहेत. 1968 च्या बेलिचे खोऱ्यातील भूकंपानंतर आणि 1981 च्या धक्क्यानंतर इथली बरीच इटालियन कुटुंबे नव्या वस्तीत गेली. रिकाम्या घरांत भाड्याने आले ते ट्युनिसियाचे खलाशी, मुख्यतः महदिया आणि शब्बा या किनारी गावांतले. माझाऱ्याच्या नौकांना हात हवे होते. आज मोहल्ल्यात नमाजाची साधी जागा आहे, 1981 पासून ट्युनिसियाच्या अभ्यासक्रमाची शाळा आहे, दुपारी कुसकुस आणि माशाच्या रश्श्याचा वास आहे. पण माशाचा कुसकुस त्रापानीचा हा सारा किनारा फार पूर्वीपासून स्वतःचा म्हणूनच खातो.

महदियाचे नाव ऐकताच आमच्यातल्या एका मौलवीसाहेबांना इमाम अल-माजरी आठवले. 'अल-माजरी' म्हणजे माझाऱ्याचे. 'सहीह मुस्लिम'वरील त्यांचा शरहा आलिमांत मान्यता पावलेला आहे, काझी इयाज यांनी तो पुढे पुरा केला. नॉर्मन सत्तेच्या काळात जी घराणी समुद्र ओलांडून गेली, त्यांतले हे एक नाव. इमामसाहेबांनी आयुष्यभर शिकवले ते महदियात आणि 1141 मध्ये त्यांचा इंतकाल झाला तोही तिथेच. तेव्हा माझाऱ्याची माणसे महदियाला गेली होती, आठशे वर्षांनी महदियाची माणसे माझाऱ्याला आली. फरक एवढाच की तेव्हा आलिम गेले आणि आता मजूर आले. येताना यांना तो इतिहास ठाऊक नव्हता. त्यांना रोजगार हवा होता.

मोहल्ल्याच्या टोकाला माझारो नदीचे मुख आणि तिथेच बंदर. वाटेत 1124 च्या सुमाराचे सान निकोलो रेगाले हे चर्च लागते. चौरस ठोकळा आणि वर घुमट, दुरून एखादा लहानसा दर्गाच वाटावा. नॉर्मन राजांचे काम, हात मुसलमान कारागिरांच्या परंपरेचा. बंदरात जाळी सुकत होती. आपल्या रत्नागिरीच्या राजिवड्याची आठवण येणे साहजिक होते. सिसिलीत टुन्ना मासा धरणाऱ्या टोळीच्या म्होरक्याला 'राईस' म्हणतात, तो अरबी 'रईस'. आपल्याकडचा 'नाखवा' फारसी 'नाखुदा'. समुद्रावरच्या भाषेला जात-धर्माचे फारसे सोयरसुतक नसते.

याच बंदराची अलीकडची एक घटना सांगणे जरूर आहे. 1 सप्टेंबर 2020 ला लाल कोळंबी पकडायला गेलेल्या माझाऱ्याच्या दोन नौकांवरील 18 खलाशांना लिबियात हफ्तार यांच्या फौजांनी धरून बेनगाझीला नेले. त्यांत 8 इटालियन होते, 6 ट्युनिसियन, 2 इंडोनेशियन आणि 2 सेनेगाली. घरच्यांनी रोममध्ये संसदेसमोर ठाण मांडले. 108 दिवसांनी, 17 डिसेंबरला ते सुटले आणि अठराही जण एकत्रच गावी परतले. कथीड्रलच्या दारावरच्या शिल्पाखालून रोज ये-जा करणाऱ्या गावाने ते दिवस असे काढले. सलोख्यावर भाषणे देणाऱ्यांनी या अठरा जणांची यादी जवळ ठेवावी.

एक गोष्ट उरते. सिसिलीच्या मुसलमानांचा सविस्तर इतिहास लिहिला तो मिकेले आमारी या पालेर्मोच्या ख्रिस्ती विद्वानाने. पॅरिसमध्ये हद्दपारीत असताना तो अरबी शिकला, ग्रंथालयांतली हस्तलिखिते धुंडाळली आणि 1854 ते 1872 या काळात आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. तो नसता तर 1584 चे शिल्प हाच त्या गावचा इतिहास झाला असता, कारण उलट सांगायला तिथे कोणी उरलेच नव्हते. आपण उरलो आहोत. दहाव्या शतकात अल-मसूदीने ज्या चौलमध्ये हजारो मुसलमानांची वस्ती पाहिली, ते चौल, दाभोळ, राजापूर आपल्या हाकेच्या अंतरावर आहेत. तिथल्या मशिदींचे शिलालेख, कबरी, जुने वक्फनामे, नाखव्यांच्या वह्या यांची नोंद मराठीत, खरी आणि दोन्ही बाजू सांगणारी, कोणी करायची? आमारीची वाट पाहत बसण्याचे आपल्याला कारण नाही.