दूरसंचार मनोऱ्यावरील सुरक्षितता व केबल आधारव्यवस्था

दूरसंचार मनोऱ्यावरील काम म्हणजे मोबाइल, रेडिओ किंवा सूक्ष्मलहरी संदेशवहनासाठी उभारलेल्या उंच मनोऱ्यावर अँटेना, रेडिओ उपकरणे व केबल बसविण्याचे, तपासण्याचे आणि दुरुस्त करण्याचे काम होय. हे काम करणाऱ्या कामगाराला भारतात सामान्यतः ‘रिगर’ म्हणतात. मनोऱ्यावरील उपकरणांना तळाच्या यंत्रसामग्रीशी जोडणाऱ्या केबल ज्या शिड्या, ट्रे व क्लॅम्प यांच्या साहाय्याने धरून ठेवल्या जातात, त्यांना एकत्रितपणे केबल आधारव्यवस्था असे म्हणतात. कामगाराचा चढण्याचा मार्ग आणि केबलचा मार्ग एकाच सांगाड्यावरून जात असल्यामुळे आधारव्यवस्थेची सदोष मांडणी नंतर चढणाऱ्या प्रत्येकासाठी धोक्याची ठरते.

पार्श्वभूमी

भारतात मोबाइल सेवेचा प्रारंभ ३१ जुलै १९९५ रोजी झाला आणि त्यानंतर देशभर मनोऱ्यांचे जाळे उभे राहिले. रचनेनुसार मनोऱ्यांचे तीन मुख्य प्रकार आहेत : लोखंडी कोनपट्ट्यांचा किंवा नळ्यांचा जाळीदार स्वयंस्थिर मनोरा, एकाच पोकळ खांबाचा मनोरा आणि तारांच्या ताणाने उभा राहणारा मनोरा. जमिनीवरील मोबाइल मनोरे बहुधा ४० ते ६० मीटर उंचीचे असतात. शहरांत इमारतींच्या गच्चीवर कमी उंचीचे मनोरे उभारतात.

धोके

उंचीवरून पडणे हा या कामातील सर्वांत मोठा धोका आहे. त्याखेरीज वरून पडणारी हत्यारे व सुटे भाग, विजेचा धक्का, आकाशातील वीज, जोराचा वारा, ओले किंवा गंजलेले लोखंड, अँटेनातून निघणाऱ्या रेडिओलहरी आणि मनोऱ्यावर बसलेली मधमाश्यांची पोळी हेही धोके संभवतात. महाराष्ट्रात वळवाच्या पावसाच्या काळात विजा अचानक चमकू लागतात, तर कोकण व गोव्याच्या किनाऱ्यावर खाऱ्या हवेमुळे बोल्ट व क्लॅम्प लवकर गंजतात.

अमेरिकेत २०१३ साली दूरसंचार मनोऱ्यांवरील अपघातांत १३ कामगारांचा मृत्यू झाला. ही संख्या त्याआधीच्या दोन वर्षांतील एकत्रित मृत्यूंपेक्षा अधिक होती. तेथील व्यावसायिक सुरक्षा प्रशासनाने त्यानंतर या उद्योगाकडे विशेष लक्ष पुरवले.

पडण्यापासून संरक्षण

कामगाराने छाती, खांदे व मांड्या यांना वेढणारा पूर्णदेही हार्नेस घालणे आवश्यक असते. केवळ कमरेचा पट्टा पडणाऱ्या माणसाला थांबवताना पोटाला व मणक्याला गंभीर इजा करू शकतो. हार्नेसला दोन आकड्यांची दोरी व धक्काशोषक जोडलेला असतो. वर सरकताना एक आकडा पक्का अडकवल्यानंतरच दुसरा सोडायचा, म्हणजे कामगार क्षणभरही मोकळा राहत नाही. काही मनोऱ्यांवर शिडीलगत कायमची सुरक्षा-तार बसवलेली असते. तिच्यावर सरकणारी पकड पडताक्षणी घट्ट होते.

दोरी कोठे अडकवावी हा निर्णय महत्त्वाचा असतो. युरोपीय मानकांनुसार धक्काशोषकाने शरीरावरील बल ६ किलोन्यूटनच्या आत ठेवावे लागते, तर एका व्यक्तीसाठीच्या धातूच्या बांधणीबिंदूने १२ किलोन्यूटन, म्हणजे सुमारे सव्वा टन वजनाइतके बल सहन करावे लागते. यासाठी मनोऱ्याचा मुख्य पाय, भक्कम आडवा भाग किंवा खास बसवलेला बांधणीबिंदू वापरतात. केबल शिडी दिसायला चढण्याच्या शिडीसारखी असली, तरी ती केबलचा भार पेलण्यासाठी बनवलेली असते. तिच्यावर पाय देणे किंवा तिला आकडा अडकवणे धोक्याचे आहे.

पडल्यानंतर थांबण्यासाठी खाली मोकळी जागाही लागते. २ मीटरची दोरी, धक्काशोषकाचा १.७५ मीटरपर्यंतचा विस्तार, दोरी जोडलेल्या जागेपासून पायापर्यंतचे सुमारे १.५ मीटर अंतर व १ मीटर राखीव अंतर धरल्यास बांधणीबिंदूखाली ६.२५ मीटर जागा आवश्यक ठरते. म्हणून दोरी शक्यतो डोक्याच्या वर अडकवतात.

रेडिओलहरींपासून संरक्षण

भारतात १ सप्टेंबर २०१२ पासून मोबाइल मनोऱ्यांच्या प्रारणाची मर्यादा आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक मर्यादेच्या एकदशांश करण्यात आली. ही मर्यादा सर्वसामान्य जनतेच्या वावराच्या ठिकाणांसाठी आहे. चालू अँटेनाच्या अगदी समोर तीव्रता बरीच अधिक असू शकते. त्यामुळे तेथे काम करण्यापूर्वी संबंधित उपकरण बंद करवून घेतात व अंगावर लहरीमापक बाळगतात. एकाच मनोऱ्यावर अनेक कंपन्यांच्या अँटेना असल्यास प्रत्येकीशी स्वतंत्रपणे समन्वय साधावा लागतो.

केबल आधारव्यवस्था

या व्यवस्थेत मनोऱ्यावरची उभी केबल शिडी, मनोऱ्यापासून यंत्रखोलीपर्यंतचा आडवा केबल ट्रे आणि भिंतीतील जलरोधक प्रवेशपट्टी हे मुख्य भाग असतात. लोखंडी भागांवर गंजरोधक जस्ताचा थर दिलेला असतो. पूर्वी जाड समाक्ष फीडर केबल वरपर्यंत नेल्या जात. आता रेडिओ उपकरण अँटेनाजवळच बसवत असल्याने बहुधा प्रकाशतंतू व वीजपुरवठ्याच्या केबल वापरतात.

केबल वर ओढण्यासाठी कप्पी, दोर व जाळीदार पकड वापरतात आणि खालून दुसऱ्या दोराने तिला वाऱ्यात हेलकावण्यापासून रोखतात. या वेळी मनोऱ्याभोवतीचा परिसर मोकळा ठेवतात. केबल चढल्यावर तिला साधारण दर १ मीटरवर क्लॅम्प लावतात. नेमके अंतर उत्पादकाच्या सूचनेनुसार ठरते. केबल ठरावीक त्रिज्येपेक्षा अधिक वाकवल्यास तिच्यातील वाहक किंवा तंतू निकामी होतो. खोलीत शिरण्यापूर्वी केबलला खाली झोल देतात, म्हणजे पावसाचे पाणी आत न जाता तेथूनच ठिबकते. विजेपासून संरक्षणासाठी फीडर केबलचे बाह्य आवरण वर, खाली व खोलीत शिरण्यापूर्वी भूसंपर्कित करतात.

केबलचा जुडगा वाऱ्याला अडवतो व मनोऱ्यावरील भार वाढवतो. म्हणून नव्या केबल वाढवण्याआधी मनोऱ्याची क्षमता तपासतात आणि निरुपयोगी केबल काढून टाकतात. चढण्याच्या शिडीवर, सुरक्षा-तारेच्या मार्गात किंवा बांधणीबिंदूंवर केबल आणू नये, हा मांडणीचा मूलभूत नियम आहे. मार्ग अडला की कामगाराला आकडा सोडून वळसा घ्यावा लागतो.

सुटका

हार्नेसमध्ये निश्चल लटकलेल्या माणसाच्या पायांत रक्त साचून तो काही मिनिटांत बेशुद्ध होऊ शकतो. म्हणून एकट्याने चढू नये, सुटकेचे साहित्य व प्रशिक्षित सहकारी जागेवरच असावा आणि सुटकेची योजना काम सुरू होण्यापूर्वी ठरलेली असावी.

कायदे व मानके

भारताच्या इमारत व इतर बांधकाम कामगार कायदा, १९९६ मधील बांधकामाच्या व्याख्येत मनोरे तसेच रेडिओ व दूरध्वनीविषयक कामांचा समावेश होता. पुढे व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहिता, २०२० मध्ये हा कायदा विलीन करण्याची तरतूद झाली. सुरक्षापट्टे व हार्नेस यांसाठी भारतीय मानक ३५२१, तर वाऱ्याच्या भारासाठी भारतीय मानक ८७५ चा तिसरा भाग वापरतात. अमेरिकेत दूरसंचार संरचनांवरील कामासाठी ए१०.४८ हे स्वतंत्र सुरक्षा-मानक आहे.