राजदंड आणि क्रूस : सुरत-बऱ्हाणपूरच्या वाटेवरील ख्रिस्ती पंथकलहाचा इतिहास

आपल्या धर्मग्रामाच्या ज्युबिलीनिमित्त निघत असलेल्या या स्मरणपुस्तकात मंदिर कसे उभे राहिले, कोणी कोणी श्रम केले, हा वृत्तान्त अन्य लेखांत वाचकांस मिळेलच. आम्ही मात्र थोडे मागे, तीनचारशे वर्षांपलीकडे दृष्टी टाकण्याचे योजिले आहे. आपल्या नंदुरबार-नवापूरच्या मुलखात एकाच गावी कॅथॉलिक मंदिर व प्रॉटेस्टंट मंदिर असे दोन्ही असते, आणि पुष्कळदा एकाच कुळातील दोन भाऊ रविवारी दोन दिशांस जातात. ‘‘तारणारा एक, मग दारे दोन का?’’ असा प्रश्न आमचे तरुण आम्हांस वारंवार करतात. याचे धर्मशास्त्रीय उत्तर प्रश्नोत्तरीच्या वर्गात देता येते. परंतु त्याचे एक अंग केवळ इतिहासानेच उलगडते. श्रद्धेच्या भेदाचे वैर कसे झाले आणि त्या वैरास राजसत्तेने कसे खतपाणी घातले, हे ते अंग होय.

इ. स. १५१७ मध्ये मार्टिन ल्यूथर याने जर्मनीत वाद उपस्थित केला, तेव्हा तो प्रथम धर्मपंडितांचा वाद होता. थोड्याच वर्षांत तो राजेलोकांच्या हाती गेला. १५३४ मध्ये इंग्लंडच्या आठव्या हेन्रीने आपणांस आपल्या देशातील ख्रिस्तसभेचा मुख्य म्हणवून घेतले. १५५५ च्या आउग्सबुर्ग येथील तहाने जर्मन मुलखात असे ठरले की, जो पंथ राजाचा तोच प्रजेचा. मग ज्याच्या हाती तलवार, त्याचा पंथ खरा, अशी स्थिती झाली. इंग्लंडात मेरी राणीच्या कारकिर्दीत (१५५३ ते १५५८) सुमारे २८० प्रॉटेस्टंट जिवंत जाळले गेले. पुढे एलिझाबेथ राणीच्या अमलात कॅथॉलिक धर्मगुरूंस राजद्रोही ठरवून देहान्त शिक्षा होऊ लागल्या. येशूसंघीय एडमंड कँपियन यांस १५८१ मध्ये फाशी झाली. फ्रान्समध्ये १५७२ च्या ऑगस्टात कॅथॉलिकांनी हजारो प्रॉटेस्टंटांची कत्तल केली. या पापाचा वाटा दोन्ही पक्षांस आहे, आणि कॅथॉलिक या नात्याने आपला वाटा झाकून ठेवणे आम्हांस प्रशस्त वाटत नाही.

हाच कलह गलबतांत बसून हिंदुस्थानास आला. पोर्तुगीजांनी १५१० मध्ये गोवा घेतला व १५३४ मध्ये वसई मिळविली. पोर्तुगालच्या राजास पोप महाशयांकडून ‘पाद्रोआदो’ म्हणजे धर्मकार्याचा आश्रयाधिकार मिळालेला होता. मिशनरी पाठविणे, मंदिरे बांधणे, बिशपांची नावे सुचविणे हे सर्व राजाच्या हाती असे. या व्यवस्थेने पुष्कळ सत्कार्य झाले यात संशय नाही. पण त्यामुळे धर्मगुरू हा राजाचा माणूस आहे, असे इतरांस वाटू लागले. त्यात १५८० पासून १६४० पर्यंत पोर्तुगालचे राज्य स्पेनच्या राजाकडे होते, आणि स्पेनचे तर इंग्रज व डच या दोघा प्रॉटेस्टंट राष्ट्रांशी हाडवैर. यामुळे गोव्याच्या बंदरात उतरलेला इंग्रज एकाच वेळी पाखंडी, शत्रू आणि व्यापारातील प्रतिस्पर्धी असा तिहेरी अपराधी ठरे.

अशा काळी जी एक गोष्ट गोव्यात घडली, ती प्रत्येक मराठी कॅथॉलिकाने लक्षात ठेवण्याजोगी आहे. १५८३ मध्ये जॉन न्यूबेरी, राल्फ फिच, लीड्स नावाचा जवाहिऱ्या व स्टोरी नावाचा चितारी असे चार इंग्रज हुर्मुझ येथे पकडले जाऊन कैदी म्हणून गोव्यास आणले गेले. व्हेनिसच्या एका व्यापाऱ्याने मत्सराने त्यांची चहाडी केली होती; पंथाचे निमित्त, पण पोटात व्यापार. त्यांची बाजू घेण्यास पुढे आले ते एक इंग्रज येशूसंघीय, फादर थॉमस स्टीफन्स. ज्या देशात आपल्या पंथाच्या धर्मगुरूंस फासावर चढवीत होते, त्याच देशाच्या प्रॉटेस्टंट प्रजाजनांसाठी स्टीफन्स यांनी अधिकाऱ्यांकडे रदबदली केली व त्यांस जामिनावर सोडविले. या धर्मगुरूंनी साहाय्य केले नसते तर आपण तुरुंगात खितपत पडलो असतो, अशी कबुली न्यूबेरीने स्वतःच्या पत्रात दिली आहे. चितारी स्टोरी येशूसंघीयांच्याच आश्रयास राहिला. फिच मात्र निसटून विजापूर, गोवळकोंडा व आपल्या खानदेशातील बऱ्हाणपूर या मार्गाने अकबराच्या राजधानीकडे गेला. हेच स्टीफन्स पुढे ‘ख्रिस्तपुराणा’चे कर्ते झाले; तो ग्रंथ १६१६ मध्ये रायतूर येथे छापून निघाला, आणि १६१९ मध्ये त्यांनी देह ठेवला. मराठी भाषेस ओव्यांचे लेणे देणारा हा पुरुष वैऱ्याच्या प्रजेवरही दया करणारा होता, याचा आम्हांस त्याच्या काव्याइतकाच अभिमान वाटतो.

आता आपल्या प्रांताकडे वळू. सुरत बंदरातून दक्षिणेच्या दरवाज्यास म्हणजे बऱ्हाणपुरास जाणारा हमरस्ता नवापूर, नंदुरबार, शिंदखेडा, थाळनेर या बाजूने जात असे. १६१० मध्ये विल्यम फिंच हा इंग्रज व्यापारी या वाटेने गेला. नंदुरबार शहराबाहेरील थडगी व विहारस्थाने, किल्ला व सुंदर तलाव यांची त्याने नोंद केली आहे. टॅव्हर्निये या फ्रेंच जवाहिऱ्याने नवापूरचे विणकर व तेथील कस्तुरीसारखा सुगंध असलेला बारीक तांदूळ यांचे मोठे कौतुक केले आहे. इराणात कोणास नजराणा करावयाचा तर या तांदुळाची गोणी न्यावी, असे तो म्हणतो. इंग्रजांनी १६६६ मध्ये नंदुरबारास वखार घातल्याचा उल्लेख खानदेशच्या गॅझेटियरात आहे. तेव्हा युरोपातील पंथकलहाचे नायक आपल्या गावकुसावरून जात-येत होते, असे म्हणण्यास हरकत नाही.

याच खानदेशात १६०० मध्ये एक कसोटीचा प्रसंग आला. अकबर बादशहाने फारुकी राजाच्या असीरगडास वेढा दिला होता. संत फ्रान्सिस झेवियर यांच्या नात्यातील येशूसंघीय फादर जेरोम झेवियर त्या वेळी बादशहाबरोबर होते. गड पडेना, तेव्हा पोर्तुगीजांकडून चौलाहून तोफा मागवून द्याव्या, असे बादशहाने त्यांस सांगितले. हे आमच्या धर्मास सोडून आहे, असे म्हणून फादरांनी नकार दिला व बादशहाचा कोप ओढवून घेतला. यात आणखी एक गोष्ट अशी की, खानदेशच्या राजाशी पोर्तुगीजांचा स्नेह होता. तेव्हा हा नकार धर्माचा किती व राजनीतीचा किती, हे तोलणे कठीण. राजाच्या आश्रयाने चालणाऱ्या मिशनरीचा शुद्ध हेतूही संशयास पात्र होतो, तो असा.

जहांगिराच्या दरबारी हा संशय उघड वैर बनला. १६०९ मध्ये विल्यम हॉकिन्स हा इंग्रज वकील सुरतेहून आग्र्यास पोचला व व्यापाराची परवानगी मागू लागला. येशूसंघीयांनी पोर्तुगालच्या बाजूने त्यास विरोध केला, आणि हॉकिन्सनेही त्यांच्यावर नाना आरोप केले. तथापि दुसऱ्याच वर्षी आग्र्यात एक अपूर्व देखावा दिसला. बऱ्हाणपुरास वारलेल्या शाहजादा दानियालच्या तिघा पुत्रांस (याच दानियालच्या नावावरून अकबराने खानदेशास ‘दानदेश’ म्हटले होते) स्नानसंस्कार व्हावयाचा होता. त्यांच्या मिरवणुकीत शहरातील सुमारे साठ ख्रिस्ती घोडेस्वार होते, आणि त्यांच्या अग्रभागी इंग्रजांचे निशाण घेऊन प्रॉटेस्टंट हॉकिन्स होता! परंतु हा संस्कार बादशहाच्या इच्छेने झाला होता. वारे फिरताच, तीनचार वर्षांत, त्या राजपुत्रांनी आपले क्रूस फादरांस परत केले. दरबाराच्या मर्जीने जे धर्मांतर झाले, ते दरबाराच्या मर्जीनेच विरून गेले.

पुढे तर याहून वाईट झाले. १६१२ मध्ये सुरतेजवळ सुवाळी येथे इंग्रजांनी पोर्तुगीज आरमाराचा मोड केला. १६१३ मध्ये पोर्तुगीजांनी बादशहाच्या मातोश्रींचे ‘रहीमी’ नावाचे जहाज पकडले. जहांगिराने संतापून दमणवर फौज पाठविली, ख्रिस्ती मंदिरे बंद केली व फादरांच्या नेमणुका तोडल्या. जहाज लुटणारे समुद्रावर, आणि शिक्षा भोगणारे वेदीजवळचे सेवक व त्यांचा गरीब कळप! १६१५ मध्ये तह झाला. पण तो घडविण्याचे कामही धर्मगुरूंनाच करावे लागले, आणि ते पोर्तुगालचे वकील आहेत हा समज आणखीच दृढ झाला.

त्याच वर्षी इंग्लंडच्या राजाचा वकील सर थॉमस रो सुरतेस उतरला व खानदेशातून बऱ्हाणपुरावरून अजमेरास गेला. पुढे त्याच्याकडे एडवर्ड टेरी नावाचा प्रॉटेस्टंट धर्मोपदेशक राहावयास आला. टेरीने लिहून ठेविले आहे की, दरबारातील येशूसंघीय फादर फ्रान्सिस्को कोर्सी हे फ्लोरेन्सचे गृहस्थ रो याच्या भेटीस आले आणि त्यांनी अशी विनंती केली की, आपण परस्परांशी सलोख्याने वागावे, वाद घालू नये. रोम व इंग्लंड यांच्यातील मतभेद या देशात उघडे पडू देऊ नयेत, कारण मग ख्रिस्तच विभागला गेला आहे असे येथील लोकांस वाटेल. इंग्रज वकिलास हे मान्य झाले. कोर्सी यांनी आपला पंथ सोडला नाही आणि रोनेही आपला सोडला नाही. पोर्तुगीज व इंग्रज समुद्रावर एकमेकांचे गळे कापीत असता या दोघांनी विवेक राखला, हे थोडे नव्हे.

राजसत्तेचा खेळ पुढेही चालू राहिला. १६६१ च्या विवाहाच्या तहाने मुंबई इंग्लंडच्या राजास मिळाली, तेव्हा तेथील कॅथॉलिकांस धर्मस्वातंत्र्याचे वचन होते. तरी १७२० मध्ये गव्हर्नर बून याने फ्रान्सिस्कन धर्मगुरूंस घालवून मंदिरे कार्मेलाइट बिशपांच्या हवाली केली. कारण इतकेच की, फ्रान्सिस्कन गोव्याच्या म्हणजे पोर्तुगालच्या तंत्राने चालणारे समजले जात. म्हणजे प्रॉटेस्टंट कंपनीने कॅथॉलिकांस घालविले, आणि जागा दिली तीही कॅथॉलिकांसच! येथे पंथाचा प्रश्न नव्हता, निष्ठा कोणत्या राजाशी याचा होता. त्यातून मुंबईच्या कॅथॉलिकांत दोन अधिकारांची जी फूट पडली, ती १७९४ मध्ये मंदिरांच्या वाटणीने पक्की झाली आणि १९२८ च्या करारापर्यंत मिटली नाही. याउलट १७३९ मध्ये वसई घेताना चिमाजी आप्पांनी मागे राहणाऱ्या ख्रिस्ती प्रजेस उपासनेची मोकळीक तहात कबूल केली. पोर्तुगीज किल्लेदार गेले. पण वसईचे गरीब शेतकरी व कोळी आपल्या प्रार्थना म्हणत राहिले. ज्या श्रद्धेचा आधार किल्ला नव्हता, ती किल्ला पडल्यावरही टिकली.

आपल्या भागात विसाव्या शतकाच्या आरंभी स्कँडिनेव्हियन अलायन्स मिशनचे प्रॉटेस्टंट लोक आले. चिंचपाड्याच्या ख्रिस्ती रुग्णालयात आमच्या कित्येक कॅथॉलिक कुटुंबांनीही आपले दुखणाईत नेले आहेत. १९८७ मध्ये नाशिकचा स्वतंत्र धर्मप्रांत झाला व आपण त्यात आलो. १९६४ मध्ये दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने ख्रिस्ती ऐक्याविषयीच्या आदेशात फुटीचा दोष दोन्हीकडे असल्याचे मान्य केले. आणि ज्या आउग्सबुर्गात एके काळी पंथांची वाटणी झाली, तेथेच १९९९ मध्ये कॅथॉलिक व ल्यूथरपंथीय यांनी नीतिमत्त्वाच्या सिद्धान्तावरील संयुक्त घोषणेवर सह्या केल्या. साडेचारशे वर्षांचा पल्ला चालून माणसे पुन्हा त्याच गावी, पण हात पुढे करून आली.

प्रिय धर्मबंधुभगिनींनो, मतभेद नाहीतच असे आम्ही म्हणत नाही. पवित्र मिस्सा, संस्कार व पोप महाशयांचा अधिकार यांविषयीची आपली श्रद्धा कोणाच्या खुशीसाठी पातळ करणे हा सलोखा नव्हे. पण शेजारच्या प्रॉटेस्टंट घरी मृत्यू झाला असता खांदा देण्यास कचरणे, सोयरीक जुळताना पंथावरून कुळाचा अपमान करणे, किंवा निवडणुकीच्या दिवसांत एखाद्या पुढाऱ्याचे वजन वापरून दुसऱ्या मंडळीवर कुरघोडी करू पाहणे, ही त्या जुन्या राजनीतीचीच धाकटी भावंडे होत. आपण या जिल्ह्यात संख्येने अल्प, बहुतेक कष्टकरी आहोत. राजाच्या आधाराने आपणांस कधी बळ आले नाही, आणि येणारही नाही. या ज्युबिलीच्या वर्षी आपल्या मंदिरात जी प्रार्थना होईल, तीत आपल्या प्रभूने शेवटच्या भोजनसमयी शिष्यांच्या ऐक्यासाठी जे मागणे मागितले, ते आपणही मागावे. आणि मंदिराबाहेर पडताच पहिला ‘जय ख्रिस्त’ पलीकडच्या मंदिरातून येणाऱ्या भावास करावा, एवढीच आमची विनंती आहे.