सायकल की मोटरसायकल?

एखादी बाई विजेच्या सायकलीवरून जात असता तिला मोटारीची धडक बसते. ती पडते आणि तिचे कॉलरबोन मोडते. रुग्णालयात आलेली ही रुग्ण सायकलस्वार समजावी की मोटरसायकलस्वार? डॉक्टरांना त्याने फारसा फरक पडत नाही, कारण हाड एकाच रीतीने बसवायचे असते. परंतु नोंदवहीत संकेतांक भरणाऱ्या माणसाला उत्तर द्यावेच लागते आणि 'दोन्ही' असे लिहिण्याची सोय त्याला नसते. या प्रश्नामागे साडेतीनशे वर्षांचा इतिहास आहे.

लंडनमध्ये सतराव्या शतकात दर आठवड्याला मृतांच्या याद्या छापल्या जात. जॉन ग्राँट या व्यापाऱ्याने त्यांचा अभ्यास करून १६६२ मध्ये एक पुस्तक लिहिले. त्या याद्यांत मृत्यूची कारणे म्हणून 'दात', 'जंत', 'दुःख', 'भीती' अशा नोंदी आढळतात. घरोघरी जाऊन प्रेत पाहणाऱ्या वृद्ध स्त्रिया जे सांगत, तेच कारण लिहिले जाई. अशा नोंदींवरूनही ग्राँटने पुष्कळ काही शोधून काढले. मात्र एका गावाची यादी दुसऱ्या गावाच्या यादीशी ताडून पाहणे अशक्य होते.

ही अडचण विल्यम फार याने ओळखली. १८३९ पासून तो इंग्लंडच्या जन्ममृत्यू नोंदणी कार्यालयात आकडेवारीचे काम पाहत होता. १८५३ मध्ये ब्रुसेल्सच्या सांख्यिकी परिषदेने फार आणि जिनिव्हाचा मार्क देस्पीन या दोघांवर एकच आंतरराष्ट्रीय यादी करण्याचे काम सोपवले. दोघांनी दोन निरनिराळ्या पद्धतींच्या याद्या आणल्या आणि १८५५ मध्ये पॅरिसला तडजोड म्हणून १३९ नावांची यादी मान्य झाली! फारच्या पद्धतीत पाच मोठे गट होते आणि शेवटचा गट होता बाह्य आघाताने आलेल्या मृत्यूंचा. पुढे १८९३ मध्ये जाक बर्तियों याने शिकागोच्या सभेत नवी यादी मांडली. साधारण दर दहा वर्षांनी तिची उजळणी होऊ लागली.

आमच्या मते या इतिहासातील खरे वळण १९४८ चे आहे. त्या वर्षी जागतिक आरोग्य संघटनेने सहावी आवृत्ती स्वीकारली. तोवर यादी मृतांची होती, आता तीत जिवंत रुग्णही आले. अपघातात सापडलेल्या माणसाबद्दल दोन वेगळे प्रश्न विचारले जाऊ लागले. एक, शरीराला काय झाले? दोन, ते कशामुळे झाले? दहाव्या आवृत्तीत हेच दोन प्रश्न 'एस' आणि 'व्ही' या अक्षरांच्या आधाराने विचारले जातात. कॉलरबोन मोडले की 'एस ४२.०'. सायकलस्वाराला रस्त्यावर मोटारीने धडक दिली की 'व्ही १३.४', आणि मोटरसायकल चालवणाऱ्याला दिली की 'व्ही २३.४'. 'व्ही १०' ते 'व्ही १९' हे घर सायकलवाल्यांचे, 'व्ही २०' ते 'व्ही २९' मोटरसायकलवाल्यांचे. तीनचाकी वाहनात बसलेल्यांसाठीही 'व्ही ३०' पासून स्वतंत्र घर आहे. रिक्षाने फिरणाऱ्या आपल्यासारख्यांची आठवण कोणीतरी ठेवली म्हणायची.

ही दहावी आवृत्ती १९९० मध्ये मंजूर झाली. तीत सायकलीची व्याख्या अशी की ती केवळ पायांनी पेडल मारून चालते. पेडल असूनही इंजिन असलेली मोपेड मोटरसायकलच्या घरात गेली. १९७२ पासून तयार झालेली लूना ज्यांनी पेडल मारून सुरू केली असेल, त्यांना हे पटेल. पेडलला विजेच्या मोटारची मदत देणारी सायकल यामाहाने जपानात बाजारात आणली ती १९९३ मध्ये, म्हणजे व्याख्या ठरल्यानंतर तीन वर्षांनी.

मग कायद्यांनी निराळी वाट धरली. युरोपात मोटार २५० वॅटची असेल, पेडल मारतानाच चालत असेल आणि २५ किलोमीटर वेगाला तिची मदत थांबत असेल, तर ते वाहन सायकलच. अमेरिकेत २००२ च्या कायद्याने ७५० वॅटच्या आतील, ताशी सुमारे ३२ किलोमीटरपेक्षा कमी वेगाची विजेची सायकल मोटारवाहनांतून वगळली. भारतातही २५० वॅट आणि २५ किलोमीटर यांच्या आतील वाहनाला नियमांनी मोटारवाहन मानलेले नाही. तेव्हा कायदा म्हणतो सायकल आणि रोगांची यादी म्हणते मोटरसायकल!

अमेरिकेने दहाव्या आवृत्तीचे आपले विस्तारित रूप १ ऑक्टोबर २०१५ रोजी लागू केले, पण विजेच्या सायकलीला तीत नाव नव्हते. कागदावर नुसते 'बाइक' असले तर नोंद सायकलीत जाई, 'मोटार असलेली' असे असले तर मोटरसायकलीत. (आपल्याकडे 'बाईक' म्हटले की मोटरसायकलच डोळ्यांपुढे येते, अमेरिकेत सायकलही बाइकच.) अखेर १ ऑक्टोबर २०२२ पासून स्वतंत्र संकेतांक आले. आपल्या त्या रुग्णाला आता 'व्ही २३.४१' मिळेल, म्हणजे घर मोटरसायकलचेच, खोली तेवढी वेगळी. गंमत अशी की उभ्याने चालवायच्या विजेच्या स्कूटरला दोन वर्षे आधी, २०२० मध्ये, जागा मिळाली ती पादचाऱ्यांच्या साधनांत. पायाखाली मोटार असूनही तो माणूस पादचारी!

याचा परिणाम केवळ कागदी नाही. विजेच्या सायकली धोकादायक आहेत का, शिरस्त्राण सक्तीचे करावे का, मुलांना किती वयानंतर परवानगी द्यावी, हे वाद अनेक देशांत चालू आहेत आणि दोन्ही बाजू आकडे पुढे करतात. पण २०२२ पूर्वीच्या त्या संकेतांकांत विजेच्या सायकलीवरचे जखमी इतर दोन ढिगांत मिसळून गेलेले आहेत. कोणी २०२१ आणि २०२३ चे आकडे शेजारी ठेवून आलेख काढला, तर रेषा शून्यातून एकदम वर चढलेली दिसेल. त्यातील किती चढ रस्त्यावरचा आणि किती नव्या खोलीचा, हे आलेख सांगणार नाही.

शिवाय नवा संकेतांक असला म्हणजे तो वापरला जातोच असे नाही. अमेरिकेत अपघाताच्या कारणाचे संकेतांक भरण्याची देशव्यापी सक्ती नाही. बिलासाठी 'एस' हवा असतो, 'व्ही' वाचून सहसा कोणाचे अडत नाही. आणि तो भरायचा तर आधी डॉक्टरांनी किंवा परिचारिकेने घाईगर्दीत 'विजेची' हा एक शब्द लिहिलेला हवा. आमच्या पाहण्यात आपल्याकडचे जे थोडे केसपेपर आले, त्यांवर 'आरटीए', म्हणजे रस्ता अपघात, एवढी तीनच अक्षरे होती. वाहन कोणते, धडक कशाशी झाली, रुग्ण चालवत होता की मागे बसला होता, यांपैकी काहीच त्यांवर नव्हते. रुग्णाला विचारले असते तर त्याने अर्ध्या मिनिटात सांगितले असते.