शासनाची हमी आणि न्यायालयाचा अवमान

न्यायालयाच्या हाती ना पोलीसदल, ना तिजोरी. त्याच्या आदेशाची अंमलबजावणी शासनयंत्रणेनेच करायची असते. तो आदेश शासनावरच बंधनकारक असेल आणि शासनानेच तो मोडला तर उपाय कोणता, हा प्रश्न स्वतंत्र भारतात वारंवार उभा राहिला.

बिहार राज्य विरुद्ध राणी सोनाबती कुमारी (१९६०) या खटल्यात त्याचे पायाभूत उत्तर मिळते. जमीनदारी ताब्यात घेण्याच्या वादात दिवाणी न्यायालयाचा मनाईहुकूम लागू असताना राज्याने अधिसूचना काढली होती. आदेश चुकीचा वाटत असला, तरी तो रद्द होईपर्यंत राज्यालाही इतर पक्षकारांप्रमाणेच पाळावा लागतो, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने दिला. पुढे १९७१ च्या न्यायालय अवमान अधिनियमाने आदेशाची किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीची हेतुपुरस्सर अवज्ञा ‘दिवाणी अवमान’ ठरविली. कमाल शिक्षा सहा महिने साधा कारावास, २,००० रुपये दंड किंवा दोन्ही.

या तरतुदीची खरी कसोटी अयोध्येत लागली. ऑक्टोबर १९९१ मध्ये उत्तर प्रदेश शासनाने वादग्रस्त वास्तूलगतची २.७७ एकर जमीन संपादित केली. तेथे कायम स्वरूपाचे बांधकाम करू नये, असा आदेश अलाहाबाद उच्च न्यायालयाने दिला. आदेश पाळले जातील, या मुख्यमंत्री कल्याण सिंह यांच्या हमीची नोंद सर्वोच्च न्यायालयाने १५ नोव्हेंबर १९९१ रोजी घेतली. तरीही जुलै १९९२ मध्ये तेथे काँक्रीटचा चौथरा उभा राहिला. हे काम साधूंनी केले, हा बचाव न्यायालयाने मान्य केला नाही. २४ ऑक्टोबर १९९४ रोजी कल्याण सिंह यांना एक दिवसाचा प्रतीकात्मक कारावास व २,००० रुपये दंड झाला. दंड कायद्यातील कमाल होता, कारावास मात्र नाममात्र.

निकाल लागला तेव्हा ते मुख्यमंत्री नव्हते आणि बाबरी मशीदही उभी नव्हती. ६ डिसेंबर १९९२ च्या विध्वंसापूर्वीही न्यायालयाला हमी देण्यात आली होती. तिच्या भंगाचे अवमान प्रकरण प्रलंबितच राहिले. मशीद न्यायालयाला दिलेल्या हमीचा भंग करून पाडली गेली, हे २०१९ च्या निकालाने नमूद केले. पण कल्याण सिंह यांचे २०२१ मध्ये निधन झाले आणि ३० ऑगस्ट २०२२ रोजी ते प्रकरण बंद करण्यात आले.

महाराष्ट्रातील उदाहरण वेगळे आहे. नव्या आरागिरण्यांना परवाने देऊ नयेत, असा सर्वोच्च न्यायालयाचा १९९७ चा आदेश होता. तो डावलल्याबद्दल माजी वनमंत्री सुरूपसिंग नाईक व प्रधान सचिव अशोक खोत यांना १० मे २००६ रोजी प्रत्येकी एक महिन्याचा साधा कारावास झाला. त्यांची माफी स्वीकारली गेली नाही. नाईक तेव्हाही राज्य मंत्रिमंडळात होते.

दोन्ही प्रकरणांत ‘शासन’ या अमूर्त संज्ञेआडून जबाबदार व्यक्ती पुढे आणली गेली, हे या कायद्याचे बळ. मात्र भंग आणि निकाल यांत वर्षे लोटली, तर आदेशाने जे राखायचे तेच नाहीसे झालेले असते. तेव्हा शिक्षेने अपराधाची नोंद होते, हानी भरून निघत नाही. म्हणून संविधान शिकविताना अवमानाच्या अधिकाराबरोबर त्याच्या वेळेचाही विचार विद्यार्थ्यांपुढे मांडणे अगत्याचे ठरते.